बँक गॅरंटी : वर्षभराचा क्लेम पिरियड कायद्याने सक्तीचा आहे का?

मिरजेचा हिशेबनीस

नमस्कार मंडळी. मी सांगली-मिरज भागातल्या लहान ठेकेदारांचे हिशेब सांभाळतो. रस्ते, पाण्याच्या टाक्या, शाळाखोल्या अशी कामं करणारी ही माणसं. एका जागी त्यांचा पैसा वर्षानुवर्षं अडकून पडतो आणि कारण विचारलं की बँकेतून ठरलेलं उत्तर येतं, "कायद्यातच आहे." ते खरंच कायद्यात आहे का, हे जाणकारांकडून समजून घ्यायचं आहे.

प्रकार असा. केंद्राच्या एखाद्या खात्याचं काम मिळालं की सुरक्षा ठेवीपोटी बँक गॅरंटी, म्हणजे ठेकेदार चुकला तर ठरलेली रक्कम बँक देईल अशी लेखी हमी, द्यावी लागते. सामान्य वित्तीय नियम, २०१७ मधला नियम १७१ सांगतो की वॉरंटीसकट ठेकेदाराच्या सगळ्या जबाबदाऱ्या संपल्यावर आणखी ६० दिवस ही हमी चालू राहिली पाहिजे. निविदेतही तेवढंच लिहिलेलं असतं. आम्ही तो मसुदा घेऊन शाखेत जातो. शाखा म्हणते, वैधतेची तारीख तुम्ही सांगाल ती. पण तिच्यापुढे १२ महिन्यांचा क्लेम पिरियड (खात्याने बँकेकडे पैशांची मागणी नोंदवायची मुदत) टाकल्याशिवाय गॅरंटी निघणार नाही, करार कायद्याचं कलम २८ आहे.

हे १२ महिने खात्याने मागितलेले नसतात, ठेकेदाराला नको असतात, पण खर्च त्याच्याच माथी. समजा गॅरंटी २० लाखांची आहे, कमिशन वर्षाला २ टक्के, मार्जिन (बँकेकडे तारण ठेवायची रक्कम) २५ टक्के. वाढीव वर्षाचं कमिशन ४० हजार, त्यावर १८ टक्क्यांनी जीएसटी ७,२०० रुपये, आणि ५ लाखांची एफडी आणखी वर्षभर लियनखाली, म्हणजे बँकेकडे अडकलेली. त्याहून मोठं दुखणं म्हणजे मंजूर लिमिटमधले २० लाख मोकळे होत नाहीत, म्हणजे पुढच्या निविदेची गॅरंटी काढायला जागाच उरत नाही. एका कामाच्या गॅरंटीमुळे दुसरं काम हातचं जाताना मी पाहिलं आहे.

माझे प्रश्न दोन. कलम २८ नेमकं काय म्हणतं? आणि बँकेशी बोलताना आम्ही काय मांडायचं?

ताळेबंद

हिशेबनीस, प्रश्न रास्त आहे. माझी सगळी नोकरी बँकेच्या कर्ज विभागात गेली, म्हणून आधी बँकेची बाजू सांगतो.

कुठलीही गॅरंटी घ्या, शेवटी एक परिच्छेद असतो. शाखेत त्याला 'नॉटविथस्टँडिंग क्लॉज' म्हणतात. वर काहीही लिहिलेलं असो, आमची जबाबदारी अमुक रकमेपेक्षा जास्त नाही, ही गॅरंटी अमुक तारखेपर्यंत वैध आहे, आणि अमुक तारखेच्या आत लेखी मागणी आमच्याकडे पोहोचली तरच आम्ही पैसे देऊ, अशी तीन वाक्यं त्यात असतात. त्याच्या आधीची चार पानं कोणी वाचो न वाचो, हा परिच्छेद बँकेचा अधिकारी दोनदा वाचतो. या तारखेनंतर बँक खातं बंद करते, मार्जिन सोडते, लिमिट मोकळं करते.

८ जानेवारी १९९७ पासून कलम २८ बदललं. ठरावीक मुदत संपली की हक्कच संपला, अशी कलमं त्या दिवसापासून निरर्थक ठरली. बँकांच्या पोटात गोळा आला तो तेव्हा. आमचा शेवटचा परिच्छेद कोर्टाने बाजूला सारला तर लाभार्थी, म्हणजे गॅरंटी ज्याच्या नावे आहे तो, मुदत कायद्यातली (लिमिटेशन ॲक्ट) तीन वर्षं धरून येणार, आणि तो लाभार्थी केंद्र किंवा राज्य सरकार असेल तर त्याच कायद्याच्या अनुच्छेद ११२ प्रमाणे तीस वर्षं. तोवर एफडी सोडून दिलेली असते, कधी कधी ठेकेदाराची फर्मही उरलेली नसते. वसुली कोणाकडून करायची?

बँकांनी पाठपुरावा केला आणि १८ जानेवारी २०१३ पासून कलम २८ ला तिसरा अपवाद जोडला गेला. बँक किंवा वित्तीय संस्थेच्या गॅरंटीत, ठरावीक घटनेपासून एक वर्षाहून कमी नाही अशी मुदत घालून त्यानंतर जबाबदारी संपेल असं लेखी ठरवता येतं. मुंबईच्या इंडियन बँक्स असोसिएशनने याचा अर्थ 'क्लेम पिरियड किमान एक वर्षाचा हवा' असा लावला. नमुने त्याप्रमाणे बदलले. शाखा व्यवस्थापक त्यात स्वतःच्या अधिकारात काडीचा बदल करू शकत नाही, त्याच्यावर राग धरू नका.

आणखी एक. गॅरंटी ताळेबंदाबाहेर दिसते, पण तिच्यापोटी बँकेला भांडवल राखून ठेवावं लागतं. कामाच्या हमीसाठी रकमेच्या निम्मी आणि थेट आर्थिक हमीसाठी पूर्ण रक्कम जोखमीत धरतात. जबाबदारी जितकी लांबते तितकं ते भांडवल अडकतं. कमिशन लागतं ते यासाठी.

सनद

ताळेबंद काका, बँकेची भीती तुम्ही नेमकी सांगितलीत. मी वकील आहे, छत्रपती संभाजीनगरला प्रॅक्टिस करते. माझ्या मते सगळा घोळ एकाच जागी आहे. गॅरंटीत तीन वेगळ्या मुदती असतात आणि बँका त्यातल्या दोन एकमेकींत मिसळतात.

पहिली, वैधता. ठेकेदाराची चूक या तारखेपर्यंत घडली असेल तरच गॅरंटी लागू होते. दुसरी, दाव्याची मुदत, म्हणजे बँकेकडे लेखी मागणी कधीपर्यंत पोहोचली पाहिजे. कधी ती वैधतेच्याच दिवशी संपते, कधी महिना-दोन महिने पुढे असते. तिसरी, कोर्टाची मुदत. मागणी वेळेत केली, बँकेने पैसे नाकारले, तर लाभार्थ्याने दावा कधीपर्यंत लावायचा. ही तिसरी मुदत कायदा ठरवतो. साधारणपणे नकारापासून तीन वर्षं.

आता कलम २८ चा इतिहास बघा. १८७२ चा मूळ कायदा एवढंच म्हणत होता की कोर्टात जाण्याचा हक्क पूर्णपणे अडवणारा किंवा त्याची मुदत तोडणारा करार निरर्थक आहे. त्यातून वकिलांनी आणि कोर्टांनी एक बारीक भेद काढला. 'सहा महिन्यांत दावा लावला नाहीत तर कोर्टात जाता येणार नाही' हे चालत नव्हतं. पण 'सहा महिन्यांत दावा लावला नाहीत तर तुमचा हक्कच संपेल' हे चालत होतं. अशी कलमं विमा पॉलिसीत आली की गरीब विमाधारकाला दोन्हीचा परिणाम सारखाच. कायदा आयोगाने १९८४ च्या ९७ व्या अहवालात या भेदावर बोट ठेवलं आणि तो काढून टाकायला सांगितलं. १९९७ ची दुरुस्ती झाली ती त्यामुळे. म्हणजे तिचा रोख दावा लावण्याची मुदत चोरवाटेने तोडणाऱ्या कलमांवर होता.

१९९७ च्या आधीही सर्वोच्च न्यायालयाने मागणी आणि दावा यांच्यातला फरक स्पष्ट केला होता. फूड कॉर्पोरेशन ऑफ इंडिया विरुद्ध न्यू इंडिया ॲश्युरन्स, १९९४. हमीपत्रात लिहिलं होतं की करार संपल्यापासून सहा महिन्यांनंतर कॉर्पोरेशनचा कुठलाही हक्क उरणार नाही. न्यायालयाने अर्थ लावला की सहा महिन्यांत मागणी नोंदवणं आवश्यक आहे. ती नोंदवली असेल तर दावा नेहमीच्या मुदतीत लावता येईल. म्हणजे मागणीची मुदत पाळायची, कोर्टाची मुदत कोणी तोडायची नाही.

मग २०१३ च्या तिसऱ्या अपवादातलं एक वर्ष कुठल्या मुदतीचं? माझ्या वाचनाप्रमाणे ते तिसऱ्या मुदतीचं आहे. तीन वर्षांच्या जागी बँक एक वर्षापर्यंत खाली येऊ शकते, त्याखाली नाही. मागणी नोंदवायला लाभार्थ्याला किमान वर्ष द्या, असं त्या अपवादात कुठेही नाही.

दिल्ली उच्च न्यायालयाने हेच म्हटलं आहे. लार्सन अँड टुब्रो विरुद्ध पंजाब नॅशनल बँक, २८ जुलै २०२१, न्या. जयंत नाथ. कंपनीची तक्रार हिशेबनीसांसारखीच होती, फक्त आकडे मोठे : नको असलेल्या बारा महिन्यांसाठी कमिशन आणि तारण द्यावं लागतं. न्यायालयाने सांगितलं की तिसरा अपवाद धनकोने (ज्याचं येणं आहे त्याने, इथे लाभार्थ्याने) कोर्टात जाऊन हक्क बजावण्याच्या मुदतीबद्दल आहे. बँकेकडे मागणी नोंदवण्याच्या मुदतीशी त्याचा संबंध नाही. बँकेचा आणि असोसिएशनचा अर्थ चुकीचा ठरवला गेला.

तेव्हा हिशेबनीस, तुमच्या पहिल्या प्रश्नाचं माझं उत्तर : नाही, सक्तीचा नाही.

तिसरं वर्ष

मी पुण्यात लॉ करतो आहे, करार कायद्याच्या पेपरसाठी कलम २८ नुकतंच वाचलं. सनद ताई, दोन शंका. कलमाच्या (ब) भागात जबाबदारीतून मुक्त करणारा करारही निरर्थक म्हटला आहे. मग 'या तारखेपर्यंत मागणी आली नाही तर आम्ही मोकळे' हे वाक्यसुद्धा त्यात अडकत नाही का? आणि १९९७ च्या आधीच्या गॅरंटींना नवीन कलम लागतं का?

सनद

दुसरी शंका सोपी आहे. युनियन ऑफ इंडिया विरुद्ध इंडसइंड बँक, सप्टेंबर २०१६, सर्वोच्च न्यायालय. कपड्यांच्या निर्यात कोट्यासाठी दिलेल्या १९९६ च्या गॅरंटी होत्या. न्यायालय म्हणालं, दुरुस्ती पूर्वलक्षी नाही. गॅरंटी ज्या दिवशी झाली त्या दिवसाचा कायदा तिला लागू. त्यामुळे जुन्या कायद्याखाली हक्क संपवणारं कलम टिकलं आणि सरकारचा दावा गेला. न्या. नरिमन यांनी लिहिलेला निकाल आहे, ९७ व्या अहवालापासून तिसऱ्या अपवादापर्यंतचा सगळा प्रवास त्यात आहे. परीक्षेसाठी तो मुळातून वाच.

पहिली शंका खरी महत्त्वाची. (ब) भागाचे शेवटचे शब्द बघ. 'हक्क बजावण्यापासून रोखलं जाईल अशा रीतीने' जबाबदारी संपत असेल तर करार निरर्थक. आता मागणीवर देय असलेल्या गॅरंटीत पैसे मिळण्याचा हक्क तयार कधी होतो? मागणी केल्यावर. ती मागणी ठरलेल्या दिवसाच्या आत करणं ही बँकेने दिलेल्या वचनाचीच अट आहे. अट पूर्ण झाली नाही तर हक्क जन्मालाच आला नाही, मग तो संपवण्याचा प्रश्न येत नाही. मागणी वेळेत झाली की हक्क तयार झाला, आणि त्यानंतर तो बजावण्याची मुदत तोडायला गेलात की कलम २८ आडवं येतं.

सिंडिकेट बँक विरुद्ध चन्नवीरप्पा बेलेरी, २००६, हाही निकाल जोडून वाच. तिथे जामीनदार व्यक्ती होत्या, बँक धनको होती. पण मागणीवर देय असलेल्या हमीत मुदतीचं घड्याळ मागणी करून ती पाळली न गेल्यावर सुरू होतं, हे त्यात आहे.

ताळेबंद

सनद ताई, तुमचं विवेचन पटतं, पण एक खडा टोचतोच. तिसऱ्या अपवादाची भाषा 'ठरावीक घटना घडल्यापासून किंवा न घडल्यापासून' अशी आहे. ही घटना कुठली? बँकेने नकार देणं? की वैधता संपणं? की ठेकेदाराने काम न करणं? कायद्याने व्याख्या दिलेली नाही. बँकेचा विधी विभाग वैधता संपणं हीच घटना धरतो, तिथून वर्ष मोजतो, आणि गोंधळ नको म्हणून क्लेम पिरियडही तिथपर्यंत ओढतो. त्यात लाभार्थ्याचं नुकसान नाही, बँकेला शांत झोप लागते. ठेकेदाराला भुर्दंड पडतो हे खरं.

शिवाय दिल्लीचा निकाल महाराष्ट्रातल्या कोर्टांवर बंधनकारक नाही.

सनद

बंधनकारक नाही, बरोबर. पण कायदा केंद्राचा आहे, कलम तेच आहे, आणि दुसऱ्या उच्च न्यायालयाने सविस्तर कारणं देऊन लावलेल्या अर्थाला इथे वजन असतंच. बँकेला लिहिलेल्या पत्रात तो नक्की उद्धृत करावा. कोर्टात जाण्याची वेळ आली तर मात्र त्या दिवसापर्यंत वरच्या कोर्टात काय झालंय ते वकिलाने तपासून घ्यावं.

घटनेबद्दल : कायद्याने ठरवलेली नाही, म्हणूनच ती गॅरंटीत लिहून ठेवता येते. 'ठरावीक' घटना म्हणजे करारात ठरवलेली. घटना म्हणून दाव्याच्या मुदतीचा शेवटचा दिवस लिहा. त्या दिवसापासून एक वर्षाच्या आत लाभार्थ्याने कोर्टात किंवा लवादाकडे गेलं पाहिजे, अन्यथा बँक मुक्त. तिसरा अपवाद पुरेपूर वापरला गेला, आणि क्लेम पिरियड ६० दिवसांचा असो की शून्य, त्याला धक्का लागला नाही.

काका, बँकेला यात काय मिळतं ते तुम्हीच सांगा. दाव्याच्या शेवटच्या दिवशी संध्याकाळी टपालात मागणी नसेल तर पुढच्या वर्षभरात कोर्टात जाण्यासारखं लाभार्थ्याकडे काही उरतं का?

ताळेबंद

नाही उरत. मागणी आलीच नसेल तर शाखा दुसऱ्या दिवशी नोंद उलटवू शकते. मागणी आली आणि नाकारली, तरच वर्षभर जोखीम. तशी प्रकरणं मोजकी, आणि त्यात एफडी तशीही कोणी सोडत नाही. हा मसुदा विधी विभागापुढे मांडण्यासारखा आहे. शाखेत वाद घालू नका, शाखेमार्फत लेखी प्रस्ताव मुख्य कार्यालयाच्या विधी विभागाकडे पाठवायला सांगा. तिथले लोक वाचतात.

कालव्यावरचा

पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालो. लाभार्थ्याच्या बाजूने दोन शब्द लिहितो, कारण वरची सगळी चर्चा मागणी वेळेत होईल हे गृहीत धरून चालली आहे. विभागीय कार्यालयात ते गृहीत धरता येत नाही.

गॅरंटी मूळ प्रतीत येते, लेखा शाखेच्या कपाटात जाते. नोंदवही असते. पण लेखापाल बदलला, प्रभार दुसऱ्याकडे गेला की नोंदवही कोणी उघडत नाही, आणि तारीख उलटून जाते. तारीख गेली की जनतेचा पैसा गेला. म्हणून मी प्रत्येक महिन्याच्या पहिल्या आठवड्यात पुढच्या तीन महिन्यांत संपणाऱ्या गॅरंटींची यादी टेबलावर मागवत असे. वर्षभराचा क्लेम पिरियड मिळाला की कार्यालयं आणखी ढिली पडतात, हेही मी पाहिलं आहे. 'अजून वर्ष आहे' म्हणून वैधतेची तारीख दुर्लक्षित राहते, आणि मग वैधतेनंतर घडलेल्या दोषासाठी पत्र जातं. बँक ते परत पाठवते, आणि बरोबरच करते. क्लेम पिरियड वाढला म्हणून वैधता वाढत नाही.

मागणी कोणी करायची, हेही बघा. हिंदुस्तान कन्स्ट्रक्शन कंपनी विरुद्ध बिहार सरकार, १९९९. गॅरंटी मुख्य अभियंत्याच्या नावे होती आणि मागणी कार्यकारी अभियंत्याने केली. सर्वोच्च न्यायालयाने ती मागणी अवैध ठरवली. आमच्या प्रशिक्षणात हा निकाल सांगितला जायचा. गॅरंटीत ज्या पदाचं नाव, त्याच पदाची सही, त्याच शाखेचा पत्ता, आणि गॅरंटीत जे शब्द वापरायला सांगितले आहेत तेच शब्द. नाहीतर तारीख पाळूनही हाती काही लागत नाही.

पत्र टपालात टाकलं म्हणजे मागणी झाली असंही समजू नये. बहुतेक गॅरंटीत मागणी बँकेला 'मिळाली' पाहिजे असं असतं. माणूस पाठवून शिक्क्यासह पोच घ्यावी, पोचेवर वेळही लिहून घ्यावी.

मिरजेचा हिशेबनीस

शेवटचा दिवस रविवार किंवा दुसरा शनिवार आला तर? सप्टेंबर २०१५ पासून दुसऱ्या आणि चौथ्या शनिवारी बँका बंदच असतात. सोमवारी दिलेली मागणी चालते का?

सनद

त्या भरवशावर राहू नका. शेवटचा दिवस सुट्टीचा असला तर पुढच्या दिवशी काम करता येतं हा नियम सर्वसाधारण वाक्यखंड कायद्याच्या (जनरल क्लॉजेस ॲक्ट) कलम १० मध्ये आहे, पण तो कायद्याखाली कोर्टात किंवा कार्यालयात करायच्या गोष्टींसाठी. दोन पक्षांनी करारात ठरवलेल्या तारखेला तो आपोआप लागत नाही. गॅरंटीत 'सुट्टी असल्यास पुढचा कामाचा दिवस' असं वाक्य असेल तरच सोमवार मिळतो. लाभार्थ्याने मसुदा मंजूर करतानाच ते वाक्य मागून घ्यावं.

खाडीपलीकडे

दुबईत एका बांधकाम कंपनीच्या ट्रेझरीत आहे. इकडच्या बऱ्याच गॅरंटी इंटरनॅशनल चेंबर ऑफ कॉमर्सच्या यूआरडीजी ७५८ (मागणीवर देय गॅरंटींचे एकसमान नियम) या नियमांखाली निघतात. हे नियम १ जुलै २०१० पासून लागू आहेत. त्यात हिशेबनीसांच्या प्रश्नाचं उत्तर सरळ दिलं आहे : शेवटचा दिवस बँकेच्या कामाचा नसेल तर मुदत पुढच्या कामाच्या दिवसापर्यंत जाते. मागणी आल्यावर बँकेने पाच कामाच्या दिवसांत तपासायची. गॅरंटीत शेवटची तारीखच लिहिली नसेल तर दिल्यापासून तीन वर्षांनी ती संपते. मात्र हे नियम लागू आहेत असं गॅरंटीत लिहिलेलं असावं लागतं.

अजून एक पद्धत इकडे रोजची आहे. काम लांबलं की मालक बँकेला लिहितो, 'मुदत वाढवा, नाहीतर पैसे द्या.' यूआरडीजीत बँक अशा मागणीवर जास्तीत जास्त ३० दिवस पैसे थांबवू शकते, तेवढ्यात ठेकेदाराने मुदतवाढ करून आणायची. भारतीय ठेकेदार इकडे काम घेतो तेव्हा बहुधा भारतातली बँक इथल्या बँकेला प्रतिहमी (तुम्हाला पैसे द्यावे लागले तर आम्ही भरून देऊ अशी हमी) देते आणि इथली बँक गॅरंटी काढते. त्यात प्रतिहमीची तारीख गॅरंटीच्या तारखेच्या पुढे असावी लागते, नाहीतर इथल्या बँकेला शेवटच्या दिवशी मागणी आली तर भारतात मागणी करायला वेळच उरत नाही. इथे जास्तीचे दिवस न्याय्य आहेत. पण ते दिवस आहेत, वर्ष नाही.

कालव्यावरचा

'वाढवा नाहीतर द्या' आमच्याकडेही चालायचं. पण कित्येक पत्रांत नुसतं 'मुदत वाढवून द्यावी' एवढंच असायचं. ती मागणी होत नाही, विनंती होते.

सनद

अगदी खरं. पत्रात स्वच्छ लिहावं की मुदतवाढ अमुक तारखेच्या आत मिळाली नाही तर हेच पत्र पूर्ण रकमेची मागणी समजावं. तेही दाव्याच्या मुदतीत पोहोचलेलं असावं.

ठेकेदारांसाठी उलट बाजूही सांगते, कारण मला वरचेवर विचारतात. मागणी अन्यायाची वाटली तर कोर्टातून मनाई मिळते का? फार क्वचित. उत्तर प्रदेश सहकारी महासंघ विरुद्ध सिंग कन्सल्टंट्स, १९८८, तिथून ही भूमिका पक्की आहे. बँकेला ज्यात ओढता येईल असा ठळक, गंभीर फसवणुकीचा प्रकार हवा, किंवा कधीच भरून न येणारं नुकसान हवं. ठेकेदार आणि खातं यांच्यातलं भांडण बँकेला सांगून उपयोग नाही. म्हणून मसुद्यातल्या तारखांवर आधीच भांडावं. गॅरंटी निघाल्यावर भांडायला जागा फार थोडी राहते.

तिसरं वर्ष

ताई, सरकारी तीस वर्षांचं काय? जिल्हा परिषद, महावितरण, महापालिका यांनाही तीस वर्षं मिळतात का?

सनद

अनुच्छेद ११२ केंद्र किंवा राज्य सरकारच्या वतीने लावलेल्या दाव्यासाठी आहे. सरकारी कंपनी किंवा महामंडळ त्यात येत नाही, महापालिकाही नाही. त्यांना तीन वर्षंच. बँकेने या संस्थांच्या गॅरंटीला तीस वर्षांची भीती दाखवली तर हे सांगा. आणि खुद्द सरकार लाभार्थी असलं तरी दावा लावायला तीस वर्षं आहेत, मागणी नोंदवायला नाहीत.

मिरजेचा हिशेबनीस

मनापासून आभार. मी वरच्या चर्चेवरून वाक्यं तयार केली आहेत. चुकत असेल तर सांगा :

'ही गॅरंटी (तारीख अ) पर्यंत वैध आहे. लाभार्थ्याची लेखी मागणी (तारीख ब) रोजी किंवा त्यापूर्वी, कामकाजाच्या वेळेत, वर दिलेल्या शाखेत मिळाली तरच बँक रक्कम देण्यास बांधील राहील. (तारीख ब) हा बँकेच्या सुट्टीचा दिवस असल्यास पुढचा कामाचा दिवस धरला जाईल. अशी मागणी वेळेत होऊनही रक्कम न मिळाल्यास लाभार्थ्याने (तारीख ब) पासून एक वर्षाच्या आत सक्षम न्यायालयात किंवा लवादापुढे कार्यवाही सुरू करावी; त्यानंतर बँकेची जबाबदारी संपुष्टात येईल.'

तारीख ब आम्ही तारीख अ हीच ठेवणार, कारण खात्याचे ६० दिवस वैधतेतच धरलेले आहेत.

ताळेबंद

चांगलं उतरलं आहे. दोन गोष्टी जोडतो. कमिशन आणि लियन तारीख ब पर्यंतच, असं मंजुरीपत्रात लिहून घ्या. गॅरंटीची मुदत छोटी झाली तरी मंजुरीपत्रात 'अधिक १२ महिने' राहिलं तर संगणक तेवढंच कमिशन कापतो. आणि काम लवकर निकाली निघालं, खात्याने मूळ गॅरंटी आणि जबाबदारीमुक्तीचं पत्र दिलं, तर मुदतीची वाट न बघता लगेच शाखेत जमा करा आणि उरलेल्या काळाच्या कमिशनबद्दल लेखी विचारा. काही बँका परतावा देतात, मागितल्याशिवाय कोणीच देत नाही.

जमल्यास ई-बँक गॅरंटीचाही विचार करा. सप्टेंबर २०२२ पासून नॅशनल ई-गव्हर्नन्स सर्व्हिसेसच्या पोर्टलवर त्या निघतात, स्टॅम्पही तिथेच. कागद कपाटात हरवायचा प्रश्न मिटतो.

सनद

हिशेबनीस, एक बदल. एक वर्षाची सुरुवात 'तारीख ब पासून' ऐवजी 'तारीख ब पासून किंवा बँकेच्या लेखी नकारापासून, यातल्या नंतरच्या दिवसापासून' अशी करा. नाहीतर बँकेने अकरा महिने उत्तरच दिलं नाही तर लाभार्थ्याच्या हाती एक महिना उरेल, आणि खात्याचा विधी अधिकारी यावर बोट ठेवून मसुदा परत पाठवेल. सुधारलेला मसुदा आणि निविदेतलं सुरक्षा ठेवीचं कलम दोन्ही मला व्यनिमधून (व्यक्तिगत निरोपातून) पाठवा. बँकेला द्यायच्या पत्रात दिल्लीच्या निकालाचा परिच्छेद कसा घ्यायचा ते लिहून देते.